डेव्ह ब्रँडस्टेटर आणि मंडळी : समलिंगी डिटेक्टिव्हांच्या रहस्यकादंबऱ्या

गोदाकाठ (धागाकर्ता)

माझी सगळी नोकरी विमा क्षेत्रात गेली, आणि त्यातली निम्मी मृत्युदाव्यांच्या टेबलावर. पॉलिसी काढल्यापासून दोन वर्षांच्या आत माणूस गेला की तो दावा चौकशीसाठी आमच्याकडे यायचा. (२०१५ च्या दुरुस्तीनंतर ती मुदत तीन वर्षांची झाली.) मग घरी जायचं, शेजारीपाजारी बोलते करायचे, दवाखान्याचे कागद बघायचे, औषधाच्या दुकानात उधारीची वही असेल तर ती चाळायची. आधीचा आजार लपवला होता का, वय खरं सांगितलं होतं का, एवढंच शोधायचं असतं. पण माणसाच्या घरात शिरल्यावर तेवढंच दिसतं असं नाही.

गेल्या दिवाळीत मुलीने जोसेफ हॅन्सनची 'फेडआऊट' ही इंग्रजी कादंबरी हातात दिली. "बाबा, यातला डिटेक्टिव्ह तुमच्याच खात्यातला आहे," एवढंच म्हणाली. झुंजार, काळा पहाड, दारा बुलंद या मराठी रहस्यकथांच्या नायकांवर पोसलेला मी. विमा कंपनीचा चौकशी अधिकारी हा कुणाच्या कादंबरीचा नायक होऊ शकतो, हेच मला नवीन होतं. चार दिवसांत पुस्तक संपवलं आणि पाठोपाठ याच मालिकेतली आणखी सहा वाचली.

डेव्ह ब्रँडस्टेटर लॉस एंजेलिसच्या मेडॅलियन लाइफ या (काल्पनिक) कंपनीत मृत्युदाव्यांची चौकशी करतो. कंपनी त्याच्या वडिलांची. वडील लग्नांवर लग्नं करणारे, मुलगा समलिंगी, आणि दोघांचं एकमेकांवर मनापासून प्रेम. 'फेडआऊट' १९७० ची. तेव्हा कॅलिफोर्नियात समलिंगी संबंध हा गुन्हा होता. तो कायदा १९७६ च्या जानेवारीत गेला. अशा काळात हॅन्सनने नायक असा घेतला की ज्याला स्वतःबद्दल लाज नाही, खंत नाही. मध्यमवयीन, कामात चोख, मितभाषी.

गोष्ट सुरू होते तेव्हा डेव्हचा जोडीदार रॉड कर्करोगाने नुकताच गेलेला आहे. वीसहून जास्त वर्षांचा संसार. घरातली प्रत्येक वस्तू रॉडने निवडलेली. आणि या अवस्थेत डेव्हला एका छोट्या गावात पाठवतात. फॉक्स ओल्सन नावाच्या रेडिओवरच्या लोकप्रिय कलाकाराची गाडी वादळी रात्री पुलावरून खाली गेली आहे. गाडी सापडली, प्रेत नाही. प्रेत नाही तर दावा कसा मंजूर करायचा? आमच्या धंद्यातला खराखुरा प्रश्न. पुढचं सांगत नाही, ज्यांना वाचायचं आहे त्यांच्यासाठी.

मला जे सांगायचं आहे ते वेगळं आहे. साध्या रहस्यकथेत एक नियम असतो: जो खोटं बोलतो त्याच्यावर संशय. डेव्ह घराघरांत जातो तेव्हा जवळजवळ प्रत्येक जण त्याच्याशी खोटं बोलतो. पण यातलं कुठलं खोटं खून लपवायला आहे आणि कुठलं नुसतं जगू दिलं जावं म्हणून आहे, हे त्याला कळतं. ऐकणाऱ्यानेही तसं खोटं कधी ना कधी बोललेलं असतं, म्हणून. ही त्याची खरी तपासाची हत्यारं. भिंग नाही, बोटांचे ठसे नाहीत.

हे वाचताना मला माझीच एक चौकशी आठवली. २००३ साल, पुण्यात पेठेतला जुना वाडा, वरच्या मजल्यावरच्या दोन खोल्या. अडतीस वर्षांचा माणूस हृदयविकाराने गेला होता. पॉलिसीला दीड वर्ष झालेलं. नॉमिनी आई, ती सातारकडच्या गावी. खोलीत त्याचा 'रूममेट' होता. मी बसलो. त्याने न विचारता चहा टाकला. मोरीपाशी आरशाखाली एका काचेच्या ग्लासात दाढीचे दोन ब्रश उभे होते, एक वाळून खडखडीत झालेला, एक ओला. मी विचारत गेलो. याला रक्तदाब कधीपासून होता, कुठल्या डॉक्टरांकडे जायचा, शेवटच्या आठवड्यात काय खाल्लं, गावी कधी गेला होता, सगळं त्याला तारखेनिशी पाठ. भावालाही एवढं माहीत नव्हतं. मी फॉर्मवरचा नेहमीचा रकाना भरायला विचारलं, "तुमचं नातं?" तो जरा थांबला. म्हणाला, "सोबत राहतो."

मी 'सहनिवासी' लिहिलं. दाव्यात काही खोट नव्हती, आईला पैसे मिळाले. निघताना त्याने मला विचारलं, "साहेब, त्याचा चष्मा गावी पाठवावा लागेल का?" मी सांगितलं, विम्याचा आणि चष्म्याचा काही संबंध नाही, ठेवा. तो चष्मा त्याच्या सदऱ्याच्या खिशातच होता, आणि त्याचा हात सगळा वेळ खिशावर होता, हे मला तेव्हा दिसलं होतं. अर्थ वीस वर्षांनी, रॉडमागे उरलेल्या डेव्हबद्दल वाचताना लागला. त्या वेळी आपल्याकडे समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारं ३७७ कलम जिवंत होतं. तो मला खरं उत्तर देता तर ते सरकारी चौकशीत चालणाऱ्या कागदावर गेलं असतं.

तर धागा यासाठी काढला: या प्रकारच्या आणखी कोणत्या कादंबऱ्या तुम्ही वाचल्या आहेत? हौशी शोधक असो, पोलीस असो, वकील असो. आणि मराठीत किंवा आपल्या भागातलं काही असेल तर जरूर सांगा.

---

रातराणी

काका, चष्म्याच्या ठिकाणी थांबून पाणी प्यायले. फार सुंदर लिहिलंय.

बायकांच्या बाजूने भर घालते. कॅथरिन फॉरेस्टची केट डेलाफिल्ड: लॉस एंजेलिस पोलिसांत खुनांचा तपास करणारी, व्हिएतनामला जाऊन आलेली माजी मरीन. पहिली कादंबरी 'अॅमॅच्युअर सिटी', १९८४. केट तुमच्या डेव्हच्या उलट आहे. घरी एक, खात्यात एक. सहकाऱ्यांना काही कळू नये म्हणून ती सतत शब्द मोजत असते, आणि साक्षीदार नेमके तेच करत असतात. मालिका अनेक वर्षं चालली आणि केट त्यात म्हातारी होत गेली. त्या लपवण्याची किंमत म्हणून दारू, तुटलेलं घर, सगळं येतं. 'मर्डर अॅट द नाइटवुड बार' (१९८७) माझी सगळ्यांत आवडती. लेस्बियन बारच्या पार्किंगमध्ये एकोणीस वर्षांच्या मुलीचा खून होतो. केट तपासाला जाते आणि बारमधल्या सगळ्या बायका तिच्याकडे 'पोलीस आली' म्हणून बघतात. त्या त्यांच्यातल्याच एका बाईकडे बघताहेत हे त्यांना ठाऊक नाही, आणि ती ते सांगू शकत नाही. मृत मुलीच्या आईवडिलांच्या घरातला प्रसंग तर मी दोनदा वाचला.

या पुस्तकांची एक बाजू लोक विसरतात. ही मोठ्या प्रकाशकांनी काढलेली नाहीत. फ्लोरिडातली नायाड प्रेस ही बायकांनी बायकांसाठी चालवलेली छोटी संस्था. तिची पुस्तकं स्त्रीवादी पुस्तकांच्या दुकानांतून आणि टपालाने जायची. आडगावातली बाई टपालाने खुनाची गोष्ट मागवते, तर पोस्टमनला काय कळणार आत काय आहे! रहस्यकथेचं मुखपृष्ठ हेसुद्धा एक पांघरूण होतं.

स्कॉटलंडची वॅल मॅकडर्मिड आज फार मोठी लेखिका आहे, पण तिची पहिली कादंबरी 'रिपोर्ट फॉर मर्डर' (१९८७), नायिका लिंडसे गॉर्डन: पत्रकार, समाजवादी, लेस्बियन. मुलींच्या श्रीमंत बोर्डिंग शाळेत एका चेलोवादिकेचा चेलोच्याच तारेने गळा आवळून खून होतो. तपासाइतकाच वर्गाचा प्रश्न आहे त्यात. हलकी आहे, सुरुवातीला चांगली.

---

मुद्देसूद

धागा वाचला. लेखन चांगलं आहे, पण मला मूळ मुद्दाच पटलेला नाही. रहस्यकथा म्हणजे कोडं. पुरावे प्रामाणिकपणे वाचकासमोर ठेवायचे आणि शेवटी सोडवायचं. होम्सने लग्न केलं नाही, पॉयरोनेही नाही, कुणाचं काही अडलं नाही. डिटेक्टिव्ह कुणावर प्रेम करतो यावरून कोड्याचा दर्जा ठरू नये. मी पुस्तक उघडतो ते खुनी कोण हे बघायला.

---

गोदाकाठ

मुद्देसूद, प्रश्न रास्त आहे, म्हणून नीट उत्तर देतो.

खुनाला कारण लागतं. आणि ज्या काळात एखाद्या माणसाचं प्रेम हाच गुन्हा असतो, त्या काळात ब्लॅकमेल हा कायद्यानेच उभा केलेला धंदा असतो. इंग्लंडात पुरुषांमधल्या समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या १८८५ च्या कायद्यातल्या कलमाला लोक 'ब्लॅकमेलवाल्यांची सनद' म्हणायचे. 'व्हिक्टिम' हा १९६१ चा चित्रपट मिळाला तर बघा, डर्क बोगार्डचा. एक नामांकित बॅरिस्टर, लग्न झालेला, ब्लॅकमेलरांच्या टोळीचा छडा लावायला निघतो. टोळी पकडायची तर कोर्टात उभं राहून स्वतःबद्दल बोलावं लागेल आणि वकिली संपेल, हे त्याला पहिल्या दिवसापासून माहीत आहे. इथे कोडं आणि प्रेम वेगळं काढताच येत नाही. इंग्लंडमधला कायदा त्यानंतर सहा वर्षांनी, १९६७ मध्ये बदलला.

दुसरं, 'डेथ क्लेम्स' (१९७३) बघा. जुनी पुस्तकं विकणारा जॉन ओट्स समुद्रात बुडून मेला. विम्याचे पैसे मुलाला मिळायचे, पण मरण्याआधी त्याने नॉमिनी बदलायची तयारी केली होती, आणि मुलगा गायब आहे. आमच्या टेबलावर ही फाइल आली असती तर आम्हीही आधी मुलाकडेच बोट दाखवलं असतं. कागदावर तेच दिसतं. डेव्ह मात्र मुलगा घरातून का गेला, हे वेगळ्या तऱ्हेने विचारतो, आणि तिथून वाट फुटते. दुसऱ्या कुणी ते विचारलंच नसतं. कोड्याची चावी त्याच्या जगण्यातून आलेली आहे.

---

वाचनवेडा

एक नोंद. डेव्ह ब्रँडस्टेटर हा पहिला समलिंगी डिटेक्टिव्ह नव्हे. १९६६ मध्ये जॉर्ज बॅक्स्टची 'अ क्वीअर काइंड ऑफ डेथ' आली होती. त्यात न्यू यॉर्कचा पोलीस डिटेक्टिव्ह फेअरो लव्ह: काळा आणि समलिंगी. खून बाथटबमध्ये, पाण्यात रेडिओ टाकून. स्टोनवॉलच्या (न्यू यॉर्कमधल्या समलिंगींच्या १९६९ च्या उठावाच्या) तीन वर्षं आधी एका लेखकाने हे छापून आणलं, याचं मोल मोठं आहे. पण बॅक्स्टची शैली चकचकीत, खिल्ली उडवणारी. सगळेच धूर्त, सगळेच बिलंदर. त्यातलं कुणी मेलं तर वाचकाला वाईट वाटत नाही. हॅन्सनने तीच जागा घेऊन तिथे एक सभ्य, थकलेला माणूस आणून बसवला. पहिला कोण हे वेगळं, आणि पाया कुणी घातला हे वेगळं.

हॅन्सनची अजून एक गोष्ट मला महत्त्वाची वाटते: डेव्हला वय लागतं. १९७० ते १९९१ अशा बारा कादंबऱ्या. तो कंपनी सोडून स्वतंत्र काम करू लागतो, सेसिल हॅरिस हा तरुण काळा टीव्ही पत्रकार त्याच्या आयुष्यात येतो, मित्र जातात, गुडघे दुखतात. मध्येच 'अर्ली ग्रेव्ज' (१९८७) येते. डेव्ह प्रवासाहून घरी येतो तर दारात प्रेत. एड्स झालेल्या तरुणांना कुणीतरी भोसकून मारतंय. जे तसेही काही महिन्यांत जाणार होते, त्यांना कोण मारेल आणि कशासाठी? माझ्या मते संपूर्ण प्रकारातला हा सगळ्यांत भेदक प्रश्न आहे, आणि त्या वर्षी तो विचारायला धाडस लागत होतं.

---

गोदाकाठ

वाचनवेडा, धन्यवाद. मी 'पहिला' असं म्हटलं नव्हतं, पण बॅक्स्ट माझ्या वाचनात नव्हता. शोधतो. 'अर्ली ग्रेव्ज' वाचून मी दोन दिवस दुसरं काही वाचलं नाही.

---

खाडीकिनारा

पंधरा वर्षं सॅन फ्रान्सिस्कोच्या आसपास राहतोय, म्हणून इथलं नाव पुढे करतो: मायकेल नावा. मेक्सिकन-अमेरिकन, सॅक्रामेंटोच्या गरीब वस्तीत वाढलेला, स्टॅनफर्डमधून कायदा शिकलेला, स्वतः वकील. त्याचा नायक हेन्री रिओस फौजदारी बचावाचा वकील आहे. पहिली 'द लिटल डेथ' १९८६ ची, बोस्टनच्या अॅलिसन या छोट्या प्रकाशनाने काढलेली. तीस वर्षांनी, २०१६ मध्ये, लेखकाने ती पूर्ण नव्याने लिहिली: 'ले युअर स्लीपिंग हेड'. पंचविशीत-तिशीत लिहिलेल्या गोष्टीला साठीतल्या माणसाने परत हात घालणं, हे मी फार कमी बघितलंय. दोन्ही शेजारी ठेवून वाचा. सांगाडा तोच, पण नव्या आवृत्तीत रिओसला लाज कुठून आली, दारू कुठून आली, घरचा बाप कसा होता, हे उघडं होतं.

रिओसमध्ये गुंता जास्त आहे. समलिंगी असल्यामुळे स्वतःच्या मेक्सिकन समाजात तो बाहेरचा, आणि कॅस्ट्रो या सॅन फ्रान्सिस्कोतल्या समलिंगी वस्तीतल्या गोऱ्या मंडळींमध्ये तो 'तपकिरी' म्हणून बाहेरचा. आपल्यातले जे इकडे राहतात त्यांना हे वेगळं समजावून सांगावं लागणार नाही. माझ्या ओळखीतल्या एका मराठी मुलाने मला सांगितलं होतं, गणपतीच्या मंडळात मी अर्धा असतो आणि प्राइडला उरलेला अर्धा. मी त्याला रिओस दिला.

'गोल्डनबॉय' (१९८८) नक्की वाचा. हॉटेलात काम करणाऱ्या पोरावर सहकाऱ्याच्या खुनाचा आरोप आहे. तो सहकारी त्याचं गुपित फोडायची धमकी देत होता. म्हणजे हेतू पक्का, पुरावा पक्का, आणि मुलगा स्वतःच बोलायला तयार नाही. समलिंगी साहित्यासाठीचे लॅम्डा पुरस्कार १९८९ मध्ये सुरू झाले तेव्हा पहिल्याच वर्षी या पुस्तकाला मिळाला. पुढे 'लाइज विथ मॅन' (२०२१) मध्ये नावा १९८६ च्या लॉस एंजेलिसमध्ये परत जातो, जेव्हा एचआयव्ही झालेल्यांना वेगळं डांबायचं का यावर मतदान होणार असतं. कादंबरीतला प्रस्ताव रचलेला असला तरी त्या वर्षी कॅलिफोर्नियात खरंच त्या दिशेने जाणारा 'प्रपोझिशन ६४' मतदानाला आला होता. मतदारांनी तो मोठ्या फरकाने फेटाळला.

नव्यांपैकी लेव्ह रोझेनची 'लॅव्हेंडर हाऊस' (२०२२). १९५२ चं सॅन फ्रान्सिस्को. इन्स्पेक्टर अँडी मिल्स बारवरच्या धाडीत स्वतःच सापडतो, नोकरी जाते. तो जीव द्यायच्या विचारात बसलेला असताना एक वृद्ध बाई त्याला काम देते: साबणाच्या कारखान्याची मालकीण मेली आहे, तपास कर. ती बाई म्हणजे मालकिणीची जोडीदार. शहराबाहेरच्या त्या बंगल्यात सगळेच 'तसे', गडी-बायांसकट. बाहेर भिंत, फुलबाग, आणि आत एकमेकांवर प्रेम करता येईल अशी जागा. आणि खुनी त्याच भिंतीच्या आत असणार. बंद बंगल्यातला खून हा जुना साचा, पण इथे दार आतून बंद करायला प्रत्येकाकडे वेगळंच कारण आहे.

---

कोर्टकचेरी

कायद्याच्या बाजूने थोडं, कारण धाग्यात ३७७ चा उल्लेख आलाय. दिल्ली उच्च न्यायालयाने २ जुलै २००९ ला ते कलम प्रौढांच्या संमतीच्या संबंधांपुरतं रद्द केलं, सर्वोच्च न्यायालयाने ११ डिसेंबर २०१३ ला परत जिवंत केलं, आणि ६ सप्टेंबर २०१८ ला पाच न्यायमूर्तींच्या पीठाने कायमचं बाजूला केलं. मधली साडेचार-पाच वर्षं फार वाईट होती. आधी मोकळे झालेले लोक पुन्हा कायद्याने गुन्हेगार. मी त्या काळात वकिली करत होतो. ओळख काढून, भेटायला बोलावून, फोटो काढून पैसे उकळल्याची प्रकरणं यायची आणि पक्षकाराचं पहिलं वाक्य ठरलेलं असायचं: "तक्रार नको करूया, फक्त थांबवता येईल का ते बघा." कायदा बदलल्यावरही ॲपवरून बोलावून लुबाडण्याचे प्रकार चालूच आहेत, कारण घरच्यांची भीती कायद्याने जात नाही.

म्हणून मायकेल नावा यांच्या कादंबऱ्या मला वकील म्हणून पटतात. रिओसची खरी लढत सरकारी वकिलाशी होत नाही. स्वतःच्या अशिलाने तोंड उघडावं म्हणून ती होते. गप्प बसून जन्मठेप पत्करायला तयार असलेला माणूस मी समोरच्या खुर्चीत पाहिलेला आहे.

---

आबोली

आपल्या भागातलं म्हणून जेरी पिंटोंची 'मर्डर इन माहीम' (२०१७). इंग्रजीत आहे, पण मुंबई अगदी आतून ओळखणाऱ्या माणसाची. माटुंग्याला रेल्वे स्टेशनच्या स्वच्छतागृहात पोट चिरलेलं प्रेत सापडतं. इन्स्पेक्टर जेंडे आणि त्याचा मित्र, निवृत्त पत्रकार पीटर डिसूझा, तपास करतात. २०२४ मध्ये त्यावर मालिकाही आली, विजय राज आणि आशुतोष राणा.

यातला शोधक समलिंगी नाही, म्हणून धाग्याच्या विषयात पूर्ण बसत नाही. पण मला तेच महत्त्वाचं वाटलं. पीटरला शंका आहे की आपला मुलगा 'त्यांच्यातला' असेल. म्हणजे तो प्रत्येक साक्षीदाराकडे जाताना मनात एकच घेऊन जातो: हा माझा पोरगा असता तर? कायदा अजून उभा आहे, पोलीस हप्ते घेताहेत, स्टेशनचा जिना, फलाटाचं टोक, रात्री साडेदहाची लोकल, आणि बाप हळूहळू शिकतोय. तपास करता करता बदलतो तो बाप.

त्याच पिंटोंनी सचिन कुंडलकरांच्या 'कोबाल्ट ब्लू'चं इंग्रजी भाषांतर केलंय. मूळ मराठी २००६ ची. ती रहस्यकथा नव्हे, पण घरात एक पेइंग गेस्ट येतो, भाऊ आणि बहीण दोघंही त्याच्यात गुंततात, आणि तो नाहीसा होतो. तो कोण होता, कुठून आला, हे दोघं आपापल्या बाजूने जुळवत बसतात आणि शेवटपर्यंत पूर्ण चित्र कुणालाच मिळत नाही. माझ्या दृष्टीने तो तपासच आहे, फक्त पोलीस नाहीत.

मला मराठीत खरीखुरी अशी मालिका हवी आहे. साताऱ्याच्या किंवा मडगावच्या एखाद्या पोलीस ठाण्यातली हवालदार बाई, जिची 'मैत्रीण' बारा वर्षं तिच्याकडे राहते आणि शेजारी ज्याबद्दल कधीच काही बोलत नाहीत. अशी बाई शेजाऱ्यांचं मौन ओळखणार नाही तर कोण?

---

मुद्देसूद

'फेडआऊट' मिळाली, काल रात्री संपवली. मत देतो.

कोडं म्हणून मध्यम आहे. खुनी मला शंभरेक पानं आधी कळला. बायकांची पात्रं पातळ आहेत, आणि डेव्हला पैशाची चिंता कधीच नाही, त्यामुळे त्याचं धैर्य थोडं स्वस्त वाटतं. हे मी मागे घेणार नाही.

पण ज्या क्षणी डेव्हला कळतं की ओल्सन खरोखर कोण होता, ते त्याला कसं कळतं ते मी मागे जाऊन पुन्हा तपासलं. सगळं माझ्याही समोर होतं. तीच माणसं, त्याच वस्तू, तेच संवाद. मी ते वाचलं आणि पुढे गेलो. पुरावे प्रामाणिकपणे ठेवले होते, मला वाचता आले नाहीत. गोदाकाठ, तुमचा मुद्दा मान्य. आता 'डेथ क्लेम्स' कुठे मिळेल?

---

रातराणी

हॅन्सनच्या मालिकेच्या नव्या आवृत्त्या २०२२ पासून आल्या आहेत, ऑनलाइन मागवता येतील. मुद्देसूद, बायकांच्या पात्रांबद्दल तुमच्याशी शंभर टक्के सहमत. म्हणूनच म्हणते, केट डेलाफिल्ड वाचा.

---

निळी_शाई

आठवडाभर वाचतोय, आज लिहितोय.

मी आणि माझा जोडीदार ठाण्यात राहतो, सहा वर्षं झाली. सोसायटीत आम्ही 'ते दोघं आयटीतले'. गोदाकाठ काकांचा पहिला लेख त्याला मोठ्याने वाचून दाखवत होतो आणि दाढीच्या ब्रशापाशी पुढे वाचता येईना. त्याने मोबाइल घेतला आणि उरलेलं त्याने वाचलं.

मी जेव्हा अशा कादंबऱ्या शोधत होतो तेव्हा मला सगळीकडे दोनच भूमिका दिसायच्या. आमच्यासारखा माणूस एक तर प्रेत असायचा, नाहीतर विकृत खुनी. म्हणून मला डेव्ह, केट, रिओस, अँडी हे सगळे एकाच कारणासाठी हवे असतात. दार वाजतं, आत रडारड चालू आहे, कुणाला काय करावं कळत नाहीये, आणि दारात उभा असलेला शहाणा, शांत माणूस आमच्यातला असतो. तो प्रश्न विचारतो आणि लोक उत्तरं देतात.

कोर्टकचेरी यांना विचारायचं होतं: बँकेत नॉमिनी म्हणून जोडीदाराचं नाव चालतं ना? विम्यातही?

---

कोर्टकचेरी

बँकेत चालतं. केंद्रीय अर्थ मंत्रालयाने २८ ऑगस्ट २०२४ ला स्पष्टीकरण काढलंय: संयुक्त खातं उघडायला आणि जोडीदाराला नॉमिनी करायला कोणतीही आडकाठी नाही. काउंटरवर कुणी का-कू केलं तर त्याची प्रत दाखवा. विम्यात मात्र फरक लक्षात ठेवा. २०१५ नंतर आईवडील, पती-पत्नी आणि मुलं नॉमिनी असतील तर रक्कम त्यांच्या मालकीची होते. इतर नॉमिनी फक्त स्वीकारणारा, वारस नंतर दावा सांगू शकतात. आणि सर्वोच्च न्यायालयाने १७ ऑक्टोबर २०२३ च्या निकालात विवाहाचा हक्क मान्य केलेला नाही. म्हणून तुम्ही दोघांनीही मृत्युपत्र करा, दोन साक्षीदारांच्या सह्यांनिशी. याच आठवड्यात करा.

---

निळी_शाई

धन्यवाद दादा. बँकेचं आज केलं. काउंटरवरच्या ताईंनी फॉर्म बघून विचारलं, "रिलेशन काय लिहू?" मी म्हटलं, "जोडीदार." त्यांनी लिहिलं. शिक्का मारला. पुढचा नंबर पुकारला.

---

गोदाकाठ

मुद्देसूद, नवी प्रत मागवू नका, माझी 'डेथ क्लेम्स' उद्या कुरिअरने पाठवतो, पत्ता व्यक्तिगत संदेशातून कळवा. पेन्सिलीच्या खुणा आहेत, त्या राहू द्या. वाचून झाली की पुढे निळी_शाई यांना ठाण्याला द्या.

आणि निळी_शाई, पोरा, मृत्युपत्राचा मसुदा झाला की मला दाखव. फॉर्म वाचण्यातच माझी हयात गेली आहे.